हळद खाडीत थांबली

सिनेमा कुठे शिकलात, असं मला हल्ली लोक विचारतात. मी मोघम काहीतरी सांगून वेळ मारून नेते, कारण खरं उत्तर दिलं तर समोरच्याला वाटतं की बाई चेष्टा करतेय. खरं उत्तर असं की मी सिनेमा भिवंडीजवळ नारपोलीतल्या आमच्या घराच्या मागच्या पडवीत, सुके बोंबील निवडता निवडता शिकले. घराला लागून बाबांची शेड होती आणि ती त्यांनी एका शेठला लूम, म्हणजे कापडाचे यंत्रमाग, लावायला भाड्याने दिली होती. आमची जेवणाची खोली आणि ती शेड यांत एकच भिंत. पहिल्या शिफ्टला लूम सुरू झाले की फडताळातली भांडी आपोआप वाजायला लागत, आणि आई चहात साखर किती हे बोटांनी विचारी. आम्ही घरात इतके मोठ्याने बोलायचो की बाहेरचा पाहुणा आला की त्याला वाटे, या लोकांचं भांडण चाललंय, आपण नंतर यावं. मला अजूनही हळू बोलता येत नाही. माझ्याबरोबर काम करणारे बिचारे सांभाळून घेतात.

त्या आवाजात आते गोष्टी सांगायची. आते म्हणजे बाबांची थोरली बहीण, धर्मी. सासरहून ती का परत आली हे घरात कुणी बोलत नसे आणि आम्ही विचारतही नसू. आम्हाला एवढंच ठाऊक की पडवीतला पाट तिचा, विळी तिची, आणि निवटे कापताना तिच्याजवळ बसलं की गोष्ट मिळते. लूम चालू असताना तिचा शब्दही ऐकू यायचा नाही. मग ती हातांनी सांगायची. राक्षस आला की तिचे गाल फुगत, राजाची धाकटी राणी रुसली की खालचा ओठ पुढे येई, आणि खाडी ओलांडायची असली की विळीवरचा मासा हवेत डुलत डुलत या हातातून त्या हातात जाई. शुक्रवारी लूम बंद. सगळ्या भिवंडीची सुट्टी शुक्रवारी, म्हणून आमच्या घरात शांतता यायची तीही शुक्रवारीच. त्या दिवशी आते तीच गोष्ट पुन्हा तोंडाने सांगायची, आणि आठवडाभर नुसती पाहिलेली गोष्ट मला कानांनी मिळायची. कितीदा तर पाहिलेली गोष्ट ऐकलेल्या गोष्टीपेक्षा चांगली असायची. मी तसं बोलून दाखवलं की ती म्हणे, "मंग बहिरी हो नि बस बघत." आणि भाजलेल्या बोंबलाचा तुकडा माझ्या भाकरीवर टाकी.

आते धवलारीण होती. आमच्या आगरी लग्नांत भटजी येतो तो मंगलाष्टकांपुरता. त्याच्या आधीचं सगळं, मांडव घालण्यापासून हळद लागेपर्यंत, धवलारीण गाऊन लावते. तिच्या गाण्याला धवला म्हणतात. त्यात ती एकेका देवाला, झाडाला, पाण्याला नावाने हाक मारून लग्नाला बोलावते. आतेचे धवले पुष्कळ होते, पण सगळ्या पंचक्रोशीत तिचं नाव होतं ते हळदीच्या धवल्यासाठी. त्यात हळद म्हणजे खाडीपलीकडच्या शेतात राहणारी मानी पोर. बोलवायला गेलं तर म्हणते, उंबर येत असेल तर मी येईन. उंबर म्हणतो, मला आंबा न्यायला आला तर येईन. आंब्याला पान लागतं, पानाला सुपारी, आणि शेवटी सगळे जमले की हळद होडीत बसते. होडी मधल्या पाण्यातून अलीकडच्या थडीला लागली की मग नवरीच्या अंगाला हळद लावायची. तोवर नवरी नुसती पाटावर बसून राहते. चांगला पाऊण तास जातो. अलीकडे लोकांना तेवढा दम नसतो, पण आतेसमोर चुळबूळ करायची कुणाची छाती नव्हती.

ही गोष्ट मला तोंडपाठ होती, पण घरात तो धवला मी कधी ऐकला नाही. आते गोष्ट सांगायची, गायची मात्र नाही. मी फार लकडा लावला तेव्हा ती म्हणाली, "मांडव न्हाय, पाट न्हाय, नि धवला काढला तं देव येतील. येतील नि उपाशी जातील. त्यांना काय सांगशील, येरी झाली व्हती म्हनून बोलावला?" आमच्या बोलीत ड चा र होतो, येरी म्हणजे वेडी. देवांना उपाशी पाठवायची जबाबदारी कोण घेणार?

कॉलेजात असताना मी सलीमभाईंच्या दुकानात जाऊ लागले. लग्नाच्या शूटिंगचं दुकान, आणि मागच्या खोलीत मिक्सिंग. मिक्सिंग म्हणजे कॅसेटींवरची लग्नं कॉम्प्युटरवर कापून, त्यांत गाणी भरून, नवरा-नवरी गुलाबाच्या फुलातून बाहेर येताहेत असं दाखवून सीडी करायची. मुलगी या धंद्यात म्हणून बाबांनी आधी नाक मुरडलं. पण सलीमभाई स्वतः घरी येऊन पडवीत बसले, आतेच्या हातची जवळ्याची चटणी खाल्ली आणि बाबांना म्हणाले, "दादा, आप की बेटी का हाथ साफ है. जनानखान्यात शूटिंगला मला लेडीज मिळत नाही, ही म्हणजे अल्लाने पाठवलीय." बाबा वितळले ते या बोलण्याने की माणसाने कोळंबीच्या दिवसांत सुका जवळा आवडीने खाल्ला म्हणून, हे मला आजवर कळलेलं नाही. सलीमभाईंनी मला कॅमेरा धरायला शिकवलं, आणि धंद्याचं सूत्रही शिकवलं. काही राहिलं तर घाबरायचं नाही, पुन्हा करायला लावायचं. नवरदेव घोड्यावरून उतरला आणि तुमचा कॅमेरा बंद होता? चढवा परत. हार घातला आणि कुणाचं डोकं मध्ये आलं? काढा, परत घाला. लोक हसत हसत सगळं दोनदा करायचे. मला तर वाटायला लागलं होतं की लग्न ही दोनदा करायचीच गोष्ट आहे.

त्या वर्षी आतेने जाहीर केलं की या लग्नसराईनंतर ती गाणार नाही. दम पुरत नव्हता. जिना चढून आली की खांबाला धरून उभी राहायची आणि कुणी बघत नाही ना ते बघायची. तिच्यामागे शिकलेली कुणी नव्हती. पोरींना मोबाईल हवे होते, डीजे हवा होता, आणि खरं सांगायचं तर मलाही गायला येत नव्हतं, माझा गळा लूमसारखा. पण माझ्याकडे कॅमेरा होता. कोन गावात राहणाऱ्या माझ्या काकांच्या सुलभाचं लग्न ठरलं होतं, शेलार गावातल्या घरात. हळद आतेच लावणार होती. मी सलीमभाईंकडून चांगला कॅमेरा मागून घेतला, दोन नव्या कॅसेटी घेतल्या, आणि मनात ठरवलं की हा धवला पहिल्यापासून शेवटपर्यंत, एकही शब्द न सोडता, मी घेणार. लग्नाच्या सीडीसाठी नव्हे, माझ्यासाठी. त्याचा सिनेमा करायचा असं मी कुणालाच सांगितलं नव्हतं. सिनेमा हा शब्दच मला तोंडातून काढायला जड जायचा.

हळदीची दुपार. कोनला काकांच्या अंगणात मांडव, वर निळी ताडपत्री, त्यामुळे सगळ्यांचे चेहरे निळसर. मी दोन हॅलोजन लावून घेतले होते. मागच्या चुलीवर वडे तळले जात होते आणि त्यांचा वास मांडवात असा भरला होता की देव आलेच असते तर आधी तिकडे वळले असते. सुलभा पाटावर. समोर आते, जाड काठाचं लुगडं, डोळे मिटलेले. शेलारहून नवऱ्याची उष्टी हळद घेऊन त्याची थोरली काकी आली होती, चार बायकांसह. ती आतेच्या बाजूला मांडी घालून बसली होती आणि तिच्या तोंडावरून दिसत होतं की आम्ही कसं काय करतो ते ती नीट बघून जाणार आहे.

आते गात होती. मी डोळा कॅमेऱ्याला लावला होता. त्या दिवशी मी पहिल्यांदा पाहिलं की गाताना तिचे हात मांडीवर गप्प असतात. सगळं गळ्यात. उंबर आला, आंबा आला, पान-सुपारी आली. हळद होडीत बसली. होडीला आते होरी म्हणे. होरी मधल्या पाण्यात आली, आणि लाईट गेली.

भिवंडीत लाईट जाणं ही काही बातमी नव्हती. पण दोन्ही हॅलोजन विझले आणि ताडपत्रीखाली एकदम असा अंधार झाला की कॅमेऱ्यात आतेच्या जागी काळा डाग. मला काय झालं ते मी आजही नीट सांगू शकत नाही. सवयीने, दुकानातल्या त्या मेल्या सवयीने, मी हात वर केला आणि मोठ्याने म्हणाले, "आते, थांब! परत घे पहिल्यापासून."

आणि आते थांबली.

चाळीस वर्षं ती गात होती. एका लग्नात मांडवाचा खांब पडला तरी थांबली नव्हती. एकदा खुद्द नवरीच घेरी येऊन पडली होती, तेव्हाही एका हाताने तिला पाणी पाजत गात राहिली होती. धवला मध्ये तोडायचा नाही, हे कोनच्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं. मलाही माहीत होतं. चुलीवरच्या तेलाचा आवाज मांडवात येऊ लागला. मग एक म्हातारी म्हणाली, "धवला तुटला."

"हलद पान्यान राहिली," दुसरी म्हणाली.

काकी, म्हणजे सुलभाची आई, तोंडाला पदर लावून रडायलाच लागली. काका बाहेरून धावत आले, त्यांना बायकांनी काय झालं ते सांगितलं, आणि ते माझ्याकडे बघून फक्त म्हणाले, "वैशे, तुना काय अक्कल हाय का न्हाय?" त्यांनी कानफटात दिली असती तर बरं वाटलं असतं. शेलारच्या काकींनी हळदीची वाटी मांडीवरून उचलून बाजूला ठेवली. "आता वो काय करायचा?" त्या शांतपणे म्हणाल्या. "अर्ध्या धवल्याची हलद लावून पोर आमचे घरान आनायची कशी? नि परत पयल्यापासून गाल तं ती दुसरी हलद. दुसरी हलद कोनाला लागते, ते मी सांगाया नको." सांगायला खरंच नको होतं. पहिलं मोडलेलीला किंवा पहिला गेलेलीला. म्हणजे धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. पाटावर बसलेल्या सुलभाने माझ्याकडे पाहिलं. लहानपणापासून आम्ही एका ताटात जेवलो होतो. तिच्या डोळ्यांत राग नव्हता, नुसती भीती होती, आणि ती मी आणली होती. मला कॅमेऱ्यासकट जमिनीत गाडून घ्यावंसं वाटलं.

आते डोळे मिटूनच बसली होती. तिचा श्वास वर-खाली होत होता. मला वाटलं, ती आता पडणार. मग तिने डोळे उघडले.

"गप रा समद्या," ती म्हणाली. "होरी उभी हाय, बुरलेली न्हाय."

मग माझ्याकडे वळून म्हणाली, "वैशे, तो डब्बा खाली ठेव. इकरं ये. इथं, नवरीजवल बस." मी कॅमेरा बंद करून खाली ठेवला आणि लोकांच्या पायांवरून कशीबशी जाऊन सुलभाच्या पाटाला चिकटून बसले. आतेने गळा साफ केला, आणि जिथे सोडला होता तिथूनच, त्याच चालीत, त्याच सुरात धवला उचलला.

होरी चालंना, होरी हालंना,
हलद बघते माघारी गो.
घरची लेक राहिली थरीवरी,
तिना घ्या गो होरीवरी.

हळद मधल्या पाण्यात थांबली होती, कारण घरातली एक पोर पलीकडच्या थडीवर एकटीच उभी राहिली होती. हातात काळी पेटी घेऊन सगळ्यांकडे बघत होती, पण तिला बोलवायचं सगळे विसरले होते. उंबराला बोलावलं, आंब्याला बोलावलं, घरच्या लेकीला कुणी बोलावलं नाही. मग हळद म्हणाली, ही आल्याशिवाय मी पुढे येत नाही. आते हे तिथल्या तिथे जुळवत होती, मला कळत होतं, कारण गोष्ट मला पाठ होती. पण दुसऱ्या कुणाला कळलं असतं असं मला वाटत नाही. एक अक्षर अडखळलं नाही. होरी माघारी वळली, पोरीला घेतलं, आणि मग अलीकडच्या थडीला लागली. आतेने शेलारच्या काकींच्या बाजूची वाटी उचलली, आधी माझ्या उजव्या हाताला हळद लावली, आणि मग सुलभाच्या कपाळाला. मी तिथेच हमसाहमशी रडले. सुलभा मला कोपराने ढोसत होती, की गप, तुझं लग्न आहे की माझं.

शेलारच्या काकींनी माझ्या हळद लागलेल्या हाताकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "आमचे शेलारला या कडवा न्हाय गात."

"तुमचे शेलारला लेक बाहेर राहिली नसंल," आते म्हणाली.

आधी एक बाई फिसकन हसली, मग सगळा मांडव हसला, आणि शेवटी शेलारच्या काकीही हसल्या. त्यांनी स्वतःच्या हाताने सुलभाच्या गालाला हळद लावली. काकांच्या जिवात जीव आला. लाईट मात्र वडे संपल्यावर आली.

नारपोलीला परतताना रिक्षात मी आणि आते दोघीच होतो. मी तिची माफी मागितली. एकदा, दोनदा, कोनची हद्द संपेपर्यंत मागतच होते. ती बाहेर बघत होती. मग म्हणाली, "चूक तुझी येक, माझी येक. तू थांब बोललीस, मी कनाला थांबले?"

"का थांबलीस?"

"चालीस वर्सं गातंय," ती म्हणाली. "लोक बोलतात, आवर आते, येळ झाला. भटजी बोलतो, आवर, मुहूर्त जातोय. परत गा, असा मना आजपर्यंत कोनी बोललाच न्हवता." एवढं बोलून तिने पदराच्या गाठीतला वडा काढला, अर्धा मला दिला, आणि अर्धा स्वतः खात बसली. तेवढ्या एका वाक्यासाठी मी तिची जन्माची ऋणी आहे. पुढे काम करताना पाय मागे ओढला की मला ती रिक्षा आठवते.

त्या सराईनंतर ती खरंच गायली नाही, आणि दोन पावसाळ्यांनी गेली. माझ्या कॅसेटवर धवला होडी मधल्या पाण्यात येईपर्यंतच आहे. मग काळं चित्र, माझा तो किरटा आवाज, आणि शांतता. पुढचं काहीही नाही. तिने माझ्यासाठी गायलेली कडवी जगात कुठल्याच यंत्रात नाहीत. माझा पहिला सिनेमा मी त्या अर्ध्या धवल्यावर केला, आणि उरलेली अर्धी गोष्ट तिच्यासारखीच सांगितली, आवाजाशिवाय, हातांनी. कोनच्या देवळासमोर पडदा बांधून तो दाखवला तेव्हा सलीमभाई पहिल्या रांगेत बसून रडले, आणि वर म्हणाले की लायटिंग जरा कमी पडली.

मागच्या वर्षी मी खाडीच्या वरच्या अंगाला एका गावात शूटिंगला गेले होते. नवऱ्या मुलाची हळद होती, आणि त्या गावात अजून धवलारीण आहे असं ऐकलं होतं. गेले तर तिशीची बाई, मोबाईल कमरेला खोचलेला. तिने मला ओळखायचं काही कारण नव्हतं, मीही तिला कधी पाहिलं नव्हतं. मी स्टँडवर कॅमेरा लावला आणि मागे उभी राहिले. धवला तोच निघाला. उंबर आला, आंबा आला, पान आलं, सुपारी आली. होरी मधल्या पाण्यात आली, आणि ती बाई थांबली. मला वाटलं, विसरली. माझा जीव तिच्यासाठी कासावीस झाला. पण मांडवातली एकही बाई घाबरली नव्हती. सगळ्या गप्प बसून वाट बघत होत्या. चांगले पाच-सहा श्वास गेले, आणि मग तिने उचललं, होरी चालंना, होरी हालंना.

घरची लेक म्हणून बोलवायला त्या घरात मुलगीच नव्हती, तिन्ही मुलगे. बायका इकडे तिकडे बघायला लागल्या. मग नवऱ्याच्या आईची नजर माझ्यावर पडली आणि ती म्हणाली, "ताई, तुम्ही या." मी गेले. पाटाजवळ बसून हात पुढे केला.

सगळं झाल्यावर मी त्या धवलारणीला विचारलं, की मध्ये थांबलीस ते का, आणि ते कडवं कुणाचं?

"कोनाचा म्हंजे?" ती माझ्याकडे वेड्या माणसाकडे बघावं तसं बघत म्हणाली. "पयल्यापासून हाय ता. देवांचे येलेपासून. हलद खारीन थांबतेच. कोन ना कोन थरीवर राहिलेली असते."

मी हो म्हटलं. उजवा हात हळदीने भरला होता, म्हणून डाव्या हाताने कॅमेरा बंद केला.